दावा अमान्य

बुद्धिबळ स्पर्धेत शेवटच्या फेरीच्या जोड्या लागल्या की आर्बिटरची, म्हणजे पंचाची, खरी रात्र सुरू होते. कोणाला नॉर्मची, म्हणजे किताबासाठी मोजल्या जाणाऱ्या कामगिरीची, संधी आहे आणि त्यासाठी किती गुण लागतील, हे सकाळच्या आत काढून ठेवावं लागतं. ग्रँडमास्टर हा किताब मिळवायला किमान 27 डावांत मिळून तीन नॉर्म लागतात आणि रेटिंग, म्हणजे खेळाच्या ताकदीचा आकडा, एकदा तरी 2500 वर जावं लागतं. प्रत्येक नॉर्मसाठी त्या स्पर्धेतली कामगिरी 2600 रेटिंगच्या तोडीची हवी. आता गंमत बघा. नऊ फेऱ्यांत प्रतिस्पर्ध्यांच्या रेटिंगची सरासरी 2434 भरली तर साडेसहा गुण पुरतात, 2433 भरली तर सातच हवेत. एखाद्या प्रतिस्पर्ध्याचं रेटिंग फार कमी असेल तर ते 2200 धरायची सवलत आहे, आणि त्या एका बदलाने सरासरी रेषेच्या पलीकडे जाऊ शकते. शिवाय समोर किती ग्रँडमास्टर आले, किती परदेशी खेळाडू आले, हे वेगळं. संगणक हे सगळं करून देतो, तरी मी कागदावर पुन्हा मांडतो. एका चुकलेल्या आकड्यावर माणसाची काही वर्षं जातात.

या स्पर्धेत तसा एकच खेळाडू होता. विशी नुकतीच ओलांडलेली, दोन नॉर्म पदरात, 2500 गाठून झालेलं. आठ फेऱ्यांत सहा गुण, सरासरी रेषेच्या वर. बरोबरी झाली की तिसरा नॉर्म, आणि मग फक्त फिडेच्या, म्हणजे जागतिक बुद्धिबळ महासंघाच्या, मंजुरीची वाट पाहायची. बुद्धिबळ म्हटलं की लोकांना 2024 मध्ये अठराव्या वर्षी जगज्जेता झालेला गुकेश आठवतो. 2025 मध्ये बाटुमीला महिला विश्वचषक जिंकून, एकही नॉर्म नसताना थेट ग्रँडमास्टर झालेली दिव्या देशमुख आठवते. त्यांचं यश अफाट आहेच. पण बहुतेकांचा किताब या अर्ध्या-अर्ध्या गुणांनी, वर्षानुवर्षांच्या प्रवासाने जमत जातो आणि तो रस्ता कोणी बघत नाही.

समोर पन्नाशी उलटलेला ग्रँडमास्टर, पांढरी मोहरी त्याची, काळी या मुलाची. बक्षिसाच्या रकमेवर घर चालवणारा हा माणूस एका स्पर्धेतून दुसऱ्या स्पर्धेत जात असतो. त्याला पूर्ण गुण हवा होता आणि तो ते लपवतही नव्हता.

ओपनिंग फ्रेंच बचाव, मध्यभाग बंद. काळ्याचा राजा अजून ई-8 वर, हत्ती एच-8 वर, कॅसलिंग, म्हणजे राजा आणि हत्ती एकाच चालीत हलवणं, न झालेलं. सत्ताविसाव्या चालीला पांढऱ्याचा वजीर जी-4 वर आला, जी-7 च्या प्याद्यावर. काळ्याने हत्ती जी-8 वर नेला. वजीर एच-5 वर, एच-7 च्या प्याद्यावर. हत्ती परत एच-8. वजीर जी-4, हत्ती जी-8. वजीर एच-5, हत्ती एच-8. एकतिसाव्या चालीला वजीर पुन्हा जी-4 वर. पांढऱ्याच्या घड्याळात मिनिटभरही नव्हतं.

मुलाने घड्याळ थांबवून हात वर केला. ‘सर, तिसऱ्यांदा तीच स्थिती. बरोबरीचा दावा.’

एकच स्थिती तीनदा आली की खेळाडू बरोबरीचा दावा करू शकतो, आणि असा दावा म्हणजे नियमाने बरोबरीचा प्रस्तावही असतो. ग्रँडमास्टरने मान हलवून नकार दिला. मी दोघांच्या स्कोअरशीट, म्हणजे चाली लिहिलेले कागद, घेतल्या आणि बाजूच्या पटावर डाव लावायला बसलो. तपासणी आर्बिटरने सावकाशच करायची असते. त्या वेळात घड्याळ बंद, आणि ग्रँडमास्टर मुख्य पटाकडे टक लावून बसलेला. त्याला विचार करू नका म्हणण्याचा अधिकार मला नाही.

वजीर जी-4 वर तीन वेळा आला होता, हे खरं. पण सारखी स्थिती म्हणजे सगळी मोहरी त्याच घरांत, चाल त्याच बाजूची, आणि शक्य असलेल्या सगळ्या चालीही त्याच. पहिल्या वेळी काळ्याचा हत्ती हललेला नव्हता, म्हणजे कॅसलिंगचा हक्क शिल्लक होता. पुढच्या दोन वेळी तो गेलेला. त्यामुळे नियमाच्या हिशेबाने ही स्थिती दोनदाच आली होती. नेमका हाच बारकावा 1986 मध्ये टिलबर्गला कारपॉव्ह आणि माइल्स यांच्या डावात सगळ्यांच्या नजरेतून सुटला. कारपॉव्हने दावा केला, डाव बरोबरीत सुटला, आणि पहिल्या वेळी काळ्याला वजिराच्या बाजूचं कॅसलिंग शक्य होतं हे नंतर लक्षात आलं. कारपॉव्हसारखा माजी जगज्जेता पटावर असताना हे घडलं होतं.

पण बाजूच्या पटावर मला आणखी एक गोष्ट दिसली, आणि मी हे लिहितोय ते तिच्यामुळेच. काळा हत्ती जी-8 वर गेल्यानंतरची, पांढऱ्याची चाल असलेली स्थिती सत्ताविसाव्या चालीला आली होती, एकोणतिसाव्यालाही आली होती, आणि त्या दोन्ही वेळी कॅसलिंगचा हक्क गेलेलाच होता. आता हत्ती पुन्हा जी-8 वर गेला की ती खरोखर तिसरी वेळ. मुलाने हत्तीला हात न लावता ती चाल फक्त कागदावर लिहायची, मला सांगायचं, आणि दावा करायचा. एका दाव्यानंतर लगेच दुसरा करायला बंदी नाही. बरोबरी त्याच्या पेनाच्या टोकावर होती.

मी परत आलो. ‘पहिल्या वेळी कॅसलिंगचा हक्क शिल्लक होता. दावा अमान्य.’ नियमाप्रमाणे पांढऱ्याच्या घड्याळात दोन मिनिटं वाढवली आणि घड्याळ सुरू केलं. कारण सांगणं माझं काम, म्हणून सांगितलं. त्यापुढचा एक शब्दही माझा नव्हता.

मी त्याच्या हाताकडे पाहत होतो. पेन स्कोअरशीटवर पडलेलं होतं. हात हत्तीकडे गेला.

मोहऱ्याला हात लागला की त्या चालीपुरता दाव्याचा हक्क संपतो. हत्ती जी-8 वर गेला, स्थिती तिसऱ्यांदा आली, पण आता चाल पांढऱ्याची होती आणि दावाही फक्त पांढराच करू शकत होता. पाचव्यांदा आली असती तर मला स्वतःहून डाव थांबवता आला असता. ग्रँडमास्टरने वाढलेली मिनिटं जवळजवळ सगळी वापरली, वजीर तिथेच ठेवला आणि मध्यभागी घोडा दिला. पन्नासाव्या चालीच्या आत काळ्याने डाव सोडला.

मुलाचा प्रशिक्षक अपील समितीकडे गेला. निर्णय कायम राहिला, तो राहणारच होता. मला राग प्रशिक्षकाचाच आला. ओपनिंगच्या वीस-वीस चाली घोकून घेतात आणि नियमांची पुस्तिका उघडतही नाहीत. ऑनलाइन खेळताना अनेक ठिकाणी तिसऱ्या वेळी डाव आपोआप बरोबरीत सुटतो, त्यामुळे दावा करायचा कसा हे मुलांच्या हाताला माहीतच नसतं.

मी बोलायला हवं होतं का, असं मला विचारलं गेलं. नाही. मी सुचवलं असतं तर त्या पन्नाशीतल्या माणसाची महिन्याची मिळकत मी माझ्या हाताने काढून घेतली असती. त्याबद्दल माझ्या मनात शंका नाही. तरी हत्तीकडे जाणारा तो हात दिसत राहतो.

निकालावर सह्या झाल्यावर मुलगा माझ्याकडे आला. रडला नव्हता. नियम नीट वाचून आला होता. ‘सर, हत्ती जी-8 लिहून दावा केला असता तर?’

‘बरोबरी झाली असती,’ मी म्हणालो.

माझ्या सहआर्बिटरला हे अजिबात पटलं नाही. ‘त्याला आयुष्यभर टोचत राहील असं उत्तर द्यायची गरज नव्हती, पुस्तिका वाच एवढं म्हणून सोडायचं,’ असं तो म्हणतो. माझं म्हणणं, मुलाने ते स्वतः शोधून काढलं होतं आणि फक्त खात्री करायला आला होता. तिथे टाळाटाळ केली असती तर मी त्याच्याशी खोटं वागलो असतो. त्यानंतर आम्ही एकत्र कामं केली आहेत, आणि जेवताना हा विषय निघाला की दोघंही आपापल्या जागी तसेच ठाम असतो.