पोटगीची केस आणि ग्रामपंचायतीचा फॉर्म – माझा अनुभव

नोव्हेंबर २०१९ ला रजिस्टर पोस्टानं एक पाकीट आलं. आत वकिलाच्या लेटरहेडवर टाईप केलेलं, की माझ्या नवऱ्यानं मला तलाक, तलाक, तलाक दिलाय, मेहेरचे (निकाहात नवऱ्यानं बायकोला कबूल केलेली रक्कम) ५,७८६ रुपये आणि तीन महिन्यांच्या इद्दतचा (तलाकनंतर बाईनं थांबायचा काळ) खर्च मनीऑर्डरनं येतोय, इथून पुढं कसलाही संबंध नाही. मुलगी तीन वर्षांची, आणि मी पाच महिन्यांपासून माहेरी, सांगली जिल्ह्यातल्या आमच्या गावात. मनीऑर्डर आली ती मी घेतली नाही. का घेतली नाही ते तेव्हा सांगता आलं नसतं, पण घेतली असती तर मीच मान्य केलं असं झालं असतं असं वाटलं.

अब्बा जमातीच्या, म्हणजे आमच्या मुस्लिम समाजाच्या, बैठकीला गेले. तीन तास बसले. आत एकही बाई नव्हती, मीसुद्धा नाही, मी घरी. ठरलं काय तर इद्दतचे पैसे घ्या आणि विषय मिटवा. फुफू, म्हणजे आत्या, म्हणाली, कोर्टाची पायरी चढलीस तर धाकटीचं लग्न कसं व्हायचं गं. अब्बा काहीच बोलले नाहीत, दोन दिवसांनी सकाळी मात्र म्हणाले, चल, तालुक्याला जाऊन विचारून तर येऊ.

हे ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी मुद्दाम लिहिते. तालुक्याच्या कोर्टात विधी सेवा समितीचं ऑफिस असतं, तिथं बाईला सरकारी खर्चानं वकील मिळतो, उत्पन्न कितीही असो. मला हे कुणीच सांगितलं नव्हतं, कोर्टाबाहेर झेरॉक्स काढायला थांबलो तिथल्या ताईंनी सांगितलं. मला ज्या वकील मॅडम मिळाल्या त्यांनी ते पाकीट वाचलं आणि पहिलं वाक्य बोलल्या, "हा तलाक झालेलाच नाही." २२ ऑगस्ट २०१७ ला सुप्रीम कोर्टानं एका दमातला तिहेरी तलाक रद्द ठरवला आणि २०१९ च्या कायद्यानं तर तो गुन्हा झाला, तीन वर्षांपर्यंत शिक्षा. मग त्यांनी विचारलं, फौजदारी करायची का? मी रात्रभर जागी होते. त्याला आत टाकून माझ्या मुलीची फी कोण भरणार, तोही आत आणि आम्हीही उपाशी. मी नको म्हणाले. माझ्या काही मैत्रिणींना हे आजही पटत नाही, पण निर्णय माझा होता आणि मला तो बरोबर वाटतो.

मग फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १२५ खाली पोटगीचा अर्ज, फेब्रुवारी २०२० मध्ये. कागद लागले निकाहनामा, मुलीचा जन्मदाखला, रेशनकार्ड. निकाहनामा सासरीच राहिलेला, काझीसाहेबांच्या रजिस्टरवरून नक्कल काढली, त्यात तीन फेऱ्या गेल्या. अर्ज दाखल झाला आणि मार्चात लॉकडाऊन लागलं. नुसत्या तारखा.

नवऱ्याचं लेखी म्हणणं कोर्टात आलं डिसेंबरमध्ये. त्यात काय तर तलाक आधीच झालाय, मी आता बायको नाही, म्हणून १२५ लागूच होत नाही. मॅडम म्हणाल्या नुसतं लिहून देऊन तलाक होत नसतो, आणि शमीम आरा केस सांगितली, २००२ ची. दुसरी औरंगाबाद खंडपीठाच्या फुल बेंचची, दगडू पठाण विरुद्ध रहिमबी, तीही २००२ चीच. तलाक दिला म्हणणाऱ्यानं तो सिद्ध करायचा, त्याला काही कारण होतं का, दोन्ही घरच्या मध्यस्थांनी समेटाचा प्रयत्न केला का, हे सगळं दाखवायचं. रहिमबी हे नाव ऐकून मला काय वाटलं सांगता येत नाही, आपल्याच महाराष्ट्रातली एक बाई माझ्या आधी या वाटेनं गेलेली आणि तिच्यामुळं माझा कागद तगतोय. शिवाय मॅडमनी हेही लिहिलं की तलाक खरा धरला तरी तलाक झालेल्या मुस्लिम बायकांसाठीच्या १९८६ च्या कायद्याचा अर्थ सुप्रीम कोर्टानं २००१ मध्ये स्पष्ट केलाय, इद्दतच्या मुदतीत द्यायची ती तरतूद पुढच्या आयुष्याचा विचार करून द्यायची, फक्त तीन महिन्यांची नाही. जमातीच्या बैठकीत हे कुणालाच ठाऊक नव्हतं किंवा असलं तरी कुणी बोललं नाही.

नेमकं त्याच डिसेंबरात ग्रामपंचायत निवडणुकीचे फॉर्म सुटले. आमच्या वॉर्डात एक जागा सर्वसाधारण महिला. बचत गटाच्या बायकांनी माझं नाव काढलं, कारण बँकेचे कागद मी भरायचे. अब्बांनी एकच विचारलं, केस चालू असताना जमेल का. ऑनलाईन फॉर्म, सर्व्हर सारखा बंद, रात्री दोनला भरला. सोबत शौचालयाचा दाखला, थकबाकी नसल्याचा दाखला, खर्चासाठी वेगळं बँक खातं.

छाननीच्या दिवशी, ३१ डिसेंबरला, समोरच्या पॅनलनं हरकत घेतली. ही अमक्या गावच्या अमक्याची बायको आहे, हिचं घर सासरी, ही आमच्या गावची नाही. मी उभी राहून ऐकत होते आणि माझे हात थरथरायला लागले, कारण माझ्या पिशवीत त्याच महिन्यात मिळालेला कोर्टाचा कागद होता ज्यात नवऱ्यानंच लिहिलेलं की ही माझी बायको नाही. मतदार यादीत नाव मी वेळेत माहेरच्या गावाला आणलेलं होतं, तेवढं एक पान मी पुढं केलं. अधिकाऱ्यांनी यादी बघितली आणि हरकत फेटाळली. एका ओळीचा निकाल. बाहेर येऊन मी पाणी प्यायले आणि रडले. १५ जानेवारीला मतदान, १८ ला मोजणी, मी ३१ मतांनी आले.

पहिल्या मासिक सभेला भाऊ सोबत आला आणि खुर्चीवर बसायलाच लागला. बाकीच्या दोन सदस्यांचे नवरे बसलेच होते. मी त्याला म्हटलं, भाई, तू बाहेर थांब. त्याला राग आला, चार दिवस बोलला नाही. पण मला बंद दाराआडची ती जमातीची बैठक आठवत होती.

केसचं पुढं. कोर्टानं दोघांना उत्पन्न आणि मालमत्तेचं ॲफिडेव्हिट द्यायला लावलं, त्यानं महिन्याला ८ हजार दाखवले. त्याच्या नावावरच्या दोन टेम्पोंची माहिती आणि सातबारा मी जोडला. अंतरिम पोटगी ३ हजार, आणि २०२३ मध्ये अंतिम आदेश, मला ४ हजार आणि मुलीला अडीच हजार, अर्जाच्या तारखेपासून. आदेश झाला म्हणजे पैसे आले असं नसतं हे बायांनो लक्षात ठेवा. थकलेल्या पोटगीसाठी वसुलीचा अर्ज वेगळा करावा लागतो, आणि ती रक्कम देय झाल्यापासून वर्षाच्या आत. माझे काही महिने मी असेच घालवले, कुणी सांगितलं नाही म्हणून. १० जुलै २०२४ ला सुप्रीम कोर्टानं म्हटलं की तलाक झालेल्या मुस्लिम बाईलाही १२५ खाली पोटगी मागता येते. नव्या कायद्यात, म्हणजे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत, तेच कलम १४४ झालंय. माझ्या वेळी एवढं स्पष्ट असतं तर किती तारखा वाचल्या असत्या.

महिला सभेत मी आता पाण्याच्या विषयानंतर हे सगळं सांगते, सगळ्या जातीधर्माच्या बाया असतात आणि पोटगीचं दुखणं सगळ्यांकडं आहे. गेल्या महिन्यात आमच्याच मोहल्ल्यातली एक पोरगी आली, नवऱ्यानं व्हॉट्सअॅपवर तलाक लिहिलाय. मी तिला म्हटलं मेसेज डिलीट करू नकोस, आणि निकाहनामा कुठाय ते आधी सांग. सोमवारी आम्ही दोघी तालुक्याला जातोय. फुफू म्हणाली मीपण येते, कोर्ट आतून कधी बघितलं नाही.