बांगड्यांचा आवाज

पटकथेत एकच ओळ होती : ‘रात्र. दोघे जवळ येतात.’ बाकीचं नटांना आपोआप सुचेल, असं दिग्दर्शकाचं म्हणणं. प्रणयदृश्यात ते सुचत नाही. हात कुठे जाणार हे ठरलेलं नसलं की नट सावध होतो, आणि पडद्यावर आधी तो सावधपणाच दिसतो.

इंटिमसी कोऑर्डिनेटर, म्हणजे प्रणयदृश्यांची आखणी आणि नटांची संमती बघणारी व्यक्ती, म्हणून मी आदल्या दिवशी, दोघं रोजच्या कपड्यांत असताना, त्या ओळीचे 7 टप्पे पाडले. खांदा, पाठ, कंबर चालेल, मान नाही. हे लेखी घेतलं. गादीवर दोन थापा म्हणजे जागच्या जागी थांबायचं.

सेट गोरेगावला, चाळीतली 10 बाय 12 ची खोली. पडद्यापलीकडे सासू, खाली झोपलेलं मूल. मुलाच्या जागी गोधडीखाली उशा होत्या; त्याचा कूस बदलण्याचा शॉट सकाळीच, त्याची आई शेजारी असताना उरकला होता. आत आम्ही 7 जण, फोन बाहेर, मॉनिटर एकच. सिंक साउंड, म्हणजे आवाज शूटिंगच्या वेळीच टिपायचा, म्हणून टेकच्या वेळी एसी बंद. दिव्यांच्या उष्णतेनं घाम येतो आणि त्वचेच्या रंगाची आच्छादनं धरणारी दुहेरी टेप सुटते. म्हणून आधी त्वचा कोरडी, तेल-लोशन काही नाही, आणि दर टेकनंतर एसी लावून टेप तपासायची.

पहिले दोन टेक खोटे वाटले. पहिल्या क्षणापासून दोघांचे श्वास मोठे. अशा खोलीत कोण एवढा आवाज करेल?

हेअरड्रेसर ताई कोपऱ्यातून म्हणाल्या, “मॅडम, बांगड्या आधी वर सरकवा ना. सासूबाई जाग्या होतील.”

इतकी अचूक सूचना मी क्वचितच ऐकली आहे. त्या एका हालचालीत इच्छा, भीती, सवय, घराचा आकार, सगळं आलं. पहिला टप्पाच बदलला : ती हिरव्या बांगड्या कोपराकडे घट्ट बसवते. पाचव्यात मूल कूस बदलतं, दोघं चार मोजेपर्यंत गोठतात. सहाव्यात एक बांगडी घसरून वाजते. दोघं पडद्याकडे बघतात आणि आवाज न करता हसतात. कॅमेऱ्याची ट्रॉली काढली. 50 एमएम लेन्स, कॅमेरा मुलाच्या उशीच्या उंचीवर, मुलाचा सकाळचा शॉट सोडला तर मध्ये कट नाही. श्वास दाबूनच घ्यायचा. बांगड्या 9, कोपराखाली चार बोटं. कंटिन्युइटीसाठी फोटो काढून ठेवला, नाहीतर पुढच्या शॉटमध्ये त्या मनगटावर दिसल्या असत्या.

चौथा टेक ओके झाला. आधी दोघांच्या अंगावर गाऊन, मग बोलणं. त्यानंतर सगळ्यांना स्तब्ध उभं करून मिनिटभर खोलीचा नुसता आवाज घेतला, आणि तिथेच बांगड्यांचा वेगळा ट्रॅक. फोली स्टुडिओत, जिथे असे आवाज नंतर वेगळे करून घेतात, काच फार स्वच्छ वाजते. इथे तिच्या आवाजात गादी होती, भिंत होती.