दुसऱ्या खणातला कापूस

14 एप्रिलला आंबेडकर जयंतीची सुट्टी असे, म्हणून आमचे इतिहासाचे सर 'फोर्ट स्टिकीन' या आगबोटीचा तास, वार्षिक परीक्षा तोंडावर असली तरी, 13 तारखेला घेत. वर्गातल्या निम्म्या मुलांची घरे मुंबईच्या गोदीच्या भिंतीला लागून होती. तरीही 14 एप्रिल 1944 ला त्याच गोदीत या जहाजावर झालेल्या स्फोटाबद्दल आम्हांला एकच गोष्ट ठाऊक होती, ती म्हणजे आकाशातून पडलेले सोने. "सोने नंतर, आधी कापूस," असे म्हणून सर फळ्यावर जहाजाचा उभा छेद काढीत.

1942 साली कॅनडात बांधलेले ते जहाज फेब्रुवारी 1944 मध्ये इंग्लंडातल्या बर्कनहेड बंदरातून निघाले, तेव्हा त्यात लढाऊ विमाने आणि सुमारे 1400 टन स्फोटके होती. विमाने कराचीला उतरली आणि मोकळ्या झालेल्या जागेत कापसाच्या गाठी, तेलाची पिंपे, लाकूड असे मिळेल ते भरले गेले. माल ठेवण्याच्या दुसऱ्या खणात तळाला पांढऱ्या खडूने कापूस आणि त्याच्या वर लाल खडूने दारूगोळा रंगवून झाला, की सर निळा खडू हातात घेत. मुंबईच्या व्हिक्टोरिया गोदीत 14 एप्रिलच्या दुपारी धूर दिसला, तेव्हा बंबवाल्यांनी त्या खणात शेकडो टन पाणी सोडले. परंतु आगीचे मूळ सापडेना, आणि पाणी चढत गेले तसा जळता कापूस त्यावर तरंगत वर सरकू लागला. निळी रेघ लाल पट्ट्याला टेकली, की सर काही क्षण गप्प राहत. इंजिनाची दुरुस्ती चालू असल्याने जहाजाला स्वतःच्या बळावर बाहेर पडता येत नव्हते, आणि ते बुडवावे म्हटले तर गोदीत तेवढे पाणीही नव्हते.

पहिला स्फोट 4 वाजून 6 मिनिटांनी झाला, दुसरा त्याहून मोठा 4 वाजून 34 मिनिटांनी. त्याचा हादरा सिमल्याच्या भूकंपमापकावर नोंदला गेला. शेजारचे 'जलपद्मा' हे जहाज उचलले जाऊन त्याचा मागचा भाग गोदामाच्या छपरावर जाऊन पडला. अग्निशमन दलाचे 66 जवान मरण पावले. गोदी कामगारांचा नेमका आकडा मात्र सर कधी सांगत नसत, कारण कागदोपत्री नसलेले हातही तेथे राबत होते, असे त्यांचे म्हणणे.

मग जहाजातले सोने. 31 पेट्या, पेटीत चार, अशा 124 विटा, प्रत्येकी पावणेतेरा किलोच्या आसपास. गुणाकार आम्ही करायचा.