आर्टिस्ट व्हिलेज : चौकातून चौकात

सीबीडी बेलापूरला उतरून रिक्षावाल्याला ‘आर्टिस्ट व्हिलेज’ एवढंच सांगितलं. सेक्टर ८, डोंगराचा पायथा. पावसाने नुकतीच उघडीप दिली होती.

नवी मुंबई वसवणाऱ्या सिडकोसाठी वास्तुरचनाकार चार्ल्स कोरिया यांनी १९८३ ते १९८६ या काळात ही वसाहत आखली. ८ मीटर लांब-रुंद चौक, भोवती सात घरं. असे तीन चौक मिळून २१ घरं आणि त्यांच्यामध्ये १२ मीटरचं अंगण. पुढे आणखी मोठी मोकळी जागा, आणि शेवटी ओढा. आकडे आधीच ठाऊक होते, पण त्यांचा अर्थ चालताना उलगडला.

लहान चौकात पाऊल टाकलं तसं ओट्यावर मेथी निवडणाऱ्या आजींनी विचारलं, “कोणाकडे आलात?” वसाहत बघायला आलोय म्हटल्यावर म्हणाल्या, “बघा की सावकाश.” पुढच्या अंगणात पोरांचं क्रिकेट चाललं होतं. तिथे दोघांनी वळून पाहिलं, विचारलं कुणीच नाही. ओढ्याकाठी तर माझ्याकडे कुणाचं लक्षही गेलं नाही. ना कुंपण, ना पाटी, ना वॉचमन. तरी कुठली जागा घरच्यांची आणि कुठली सगळ्यांची, हे आपसूक कळत जातं. शहरात मोकळी जागा आखायची ती अशी, दारापासून सुरू होणारी. नाहीतर एकरभर बाग असते, पण आजींना तिथवर रिक्षाने जावं लागतं.

घरं पुढे वाढवता यावीत म्हणून कोरियांनी दोन घरांत सामाईक भिंत ठेवली नव्हती. लोकांनी घरं वाढवलीच. उतरत्या छपरांची मूळ घरं आता विरळ, बाकी ठिकाणी काँक्रीटचे मजले. जुनं रूप गेलं म्हणून हळहळणारे भेटतात. मला तितकं वाईट वाटत नाही. मी फिरलो तिथे घरं पाडून नव्याने उभी राहिली होती, चौक मात्र शाबूत होते. खरी काळजी वाटली ती गाड्यांची. तीन-चार स्कूटर आणि एखादी कार आली, की ८ मीटरच्या चौकात पोरांना खेळायला उरतं काय?

जायचं तर संध्याकाळी पाचनंतर जा, तेव्हा चौक भरलेले असतात. फोटो काढण्याआधी मात्र विचारा. ते लोकांचं अंगण आहे.