खुनी: धाकटा भाऊ

जून संपत आला होता, पेरण्या झाल्या होत्या आणि पाऊस गायब. अशा दिवसात वाचनालयात गर्दी वाढते हे बाहेरच्यांना खरं वाटणार नाही पण वाढते, रानात उभं राहून आभाळ बघण्यापेक्षा पंख्याखाली बसून पेपर बघितलेला बरा असं लोकांना वाटत असावं. तर अशाच एका सकाळी आमच्या नेहमीच्या एक वाचक बाई आल्या, काउंटरवर पुस्तक आपटलं आणि म्हणाल्या, मॅडम माझी वर्गणी परत द्या. बघते तर आत पेन्सिलीनं बारीक अक्षरात लिहिलेलं, "खुनी: धाकटा भाऊ". बाईंच्या कथेत अजून खून सुद्धा व्हायचा होता.

मी माफी मागितली, खोडरबर काढला, खोडून टाकलं आणि दुसरं पुस्तक दिलं. ते खोडणं ही माझी पहिली चूक, पण ते पुढं कळलं.

मी लातूर जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावात सार्वजनिक वाचनालयात ग्रंथपाल आहे, गावाचं नाव लिहीत नाही कारण गाव एवढंसं आहे की नाव लिहिलं की सगळी माणसं ओळखू येतील. ग्रंथपाल म्हणजे लोकांना वाटतं एसीत बसून पुस्तकं वाचायची. अनुदान वर्षातून दोन हप्त्यात येतं, ते येईपर्यंत दूधवाल्याला तोंड चुकवायचं, एवढं सांगितलं की पगाराचं वेगळं सांगायला नको. असो. तो विषय काढला की हा लेख त्याचाच होईल.

तर त्या बाईंनंतर महिनाभर हेच चालू. "खुनी: कंपाउंडर". "खुनी: वकील स्वतःच". एकावर तर "खून नाही, आत्महत्या" असा पूर्ण निकाल. फक्त रहस्यकथा, बाकी कुठल्या पुस्तकाला हात नाही. वाचक चिडायला लागले, आणि आमच्याकडं रहस्यकथेचे वाचक म्हणजे खानदानी वाचक, बाबूराव अर्नाळकरांनी हजारावर रहस्यकथा लिहिल्या त्यातल्या हाताला लागतील तेवढ्या खाल्लेले, झुंजार आणि काळापहाड ह्यांची आठवण घरच्या माणसासारखी काढणारे लोक. त्यांच्याशी खेळ नाही.

माझा संशय गेला अभ्यासिकेवर. वरच्या मजल्यावर स्पर्धा परीक्षेची पोरं बसतात, सकाळी सहाला दप्तर ठेवून जागा धरतात. त्यातलं एक पोरगं, पीएसआयची तयारी करणारं, मधे कंटाळा आला की खाली येऊन रहस्यकथांच्या कपाटापाशी उभं राहून चाळायचं, आणि कानावर कायम पेन्सिल. मी त्याला चारचौघात बोलले. म्हणलं उद्या फौजदार होणार आणि आज हे धंदे. पोरगं काही बोललं नाही, दप्तर उचललं आणि गेलं ते चार दिवस आलंच नाही. मला तेव्हा वाटलं, बघा, पकडला गेला म्हणून येत नाही. ही दुसरी चूक, आणि पहिलीपेक्षा मोठी.

आता आमच्या बाकड्याबद्दल सांगते. पेपरच्या टेबलाजवळ एक लाकडी बाकडं आहे, त्यावर रोज सकाळी तीन पेन्शनर बसतात. आप्पा, रिटायर तलाठी. मामा, एसटीचे रिटायर कंडक्टर. आणि सिस्टर, सरकारी दवाखान्यातून रिटायर झालेल्या, ज्यांनी अर्ध्या तालुक्याची बाळंतपणं केलीत आणि त्यामुळं अर्ध्या तालुक्याला अरेतुरे करतात. गुरुवारी दुपारी हमखास लाईट जाते, कॉम्प्युटर बंद, कामाचा खोळंबा. तेव्हा मी ह्या तिघांना एक इंग्रजी कादंबरी मराठीत सांगत होते. माझ्या पुण्याच्या भाचीनं दिलेली, विलायतेतले चार रिटायर म्हातारे एका वसाहतीत राहतात आणि खुनाचे तपास लावतात. नाव मुद्दाम लिहीत नाही, कुणाला वाचायची असेल, आणि सध्या मला ह्या विषयात फार काळजी घ्यावी लागतीय.

तिघांना ती लई आवडलेली. हा प्रकार जुना आहे असं मी त्यांना सांगितलं होतं, अगाथा क्रिस्तीची मिस मार्पल 1930 सालच्या कादंबरीपासून हेच करते, म्हातारी बाई, लोकर विणत बसते, गावातल्या माणसांवरून जगातली माणसं ओळखते, तिच्या 12 कादंबऱ्या आहेत. सिस्टर म्हणाल्या, "त्यात काय नवल, मी पण सांगते की कोण कसं हाय. पुस्तक कोण लिहितंय आमच्यावर." आप्पांचा आक्षेप वेगळाच होता, विलायतेतल्या म्हाताऱ्यांना पोलीस चहा पाजून माहिती देतात हे त्यांना पटायचं नाही.

मग त्या गुरुवारी मी कादंबरी उघडली तर मामा म्हणाले, "ते राहू द्या ताई. आपल्या हितं गुन्हा घडायलाय आणि आपण विलायतेचा तपास करायलो."

आप्पांनी टेबल साफ करायला लावलं. म्हणाले आधी पंचनामा. असं लिहिलेलं सापडलेली आठही पुस्तकं मांडली, कोऱ्या कागदावर स्केलनं रकाने पाडले, दाखल क्रमांक, मजकूर, पान नंबर, शेवटची देवघेव. पण सहा पुस्तकांत मी खोडून टाकलेलं. आप्पांनी चष्म्यावरून असं बघितलं की मी तहसीलमधे उभी आहे असं वाटलं. "पुरावा नष्ट केला तुम्ही." तेवढ्यात सिस्टरनी मोबाईलची बॅटरी लावली आणि उजेड वरून न मारता पानाच्या कडेनं, अगदी आडवा मारला. आणि खोडलेली अक्षरं वर आली. शिसं नव्हतं पण पेन्सिल दाबल्याचे चर दिसत होते, धाकटा मधला ध, त्याची गाठ, सगळं. बाळाला कावीळ हाय का बघायला पण उजेड कसा धरायचा ते कळावं लागतं म्हणाल्या.

पुढचं वाक्य पण त्यांचंच. "ताई, हे पोराचं अक्षर नाही. हात थरथरायलाय ह्याचा. रेघ बघा, सरळ जातच नाही."

मला त्या क्षणी त्या पोराचा चेहरा आठवला आणि हातातला चहा पिववेना.

आप्पा रकाने भरत होते. पान 17. पान 17. पान 17. चौथ्या पुस्तकाला थांबले. "ताई, सगळ्यात सतराच पान कामून?"

आणि मी खुर्चीतच बसून राहिले.

कसं आहे, आमच्या धंद्यात एक गुप्त पान असतं. पुस्तकाचं पहिलं आणि शेवटचं पान फाडलं की शिक्का गेला, मग पुस्तक ज्याच्या हातात त्याचं. म्हणून आतल्या एका ठरलेल्या पानावर पण शिक्का मारायचा आणि दाखल क्रमांक टाकायचा, सगळ्या पुस्तकांत तेच पान, आणि ते बाहेर कुणाला सांगायचं नाही. आमचं पान 17. (आता सांगूनच बसले. नवीन पुस्तकांना बदललंय, नंबर विचारू नका.) आमच्या आधीच्या ग्रंथपाल सरांनी ठरवलेलं, 17 सप्टेंबर 1948 ला निजामाच्या राज्यातून मराठवाडा सुटला म्हणून 17, विसरायला नको म्हणायचे. आठही पानांवर जांभळा गोल शिक्का होता आणि त्याच्या बरोब्बर खाली ते पेन्सिलचं लिहिलेलं. मी खोडताना शिक्का बघितलाच नव्हता का? बघितला होता. पण रोज पन्नास शिक्के मारणाऱ्या माणसाला शिक्का दिसत नाही, तो कागदाचाच भाग असतो.

"आतला माणूस हाय," मामा म्हणाले. एसटीत पण असंच असतं म्हणे, तिकिटाचा घोळ प्रवासी करत नसतो.

आप्पांनी देवघेव रजिस्टर मागितलं. तलाठी माणूस, 1954 चं खासरा पत्रक वाचून भावाभावांची भांडणं मिटवलेला, त्याला आमचं रजिस्टर म्हणजे काय. दहा मिनिटात आठपैकी सहा पुस्तकं एकाच कार्डावर गेलेली निघाली. कार्ड सरांच्या सुनेचं. ती दर पंधरा दिवसाला येते, दोन पुस्तकं घेते, मामंजींना वाचायला म्हणते, मीच देते काढून. मग आप्पांनी न बोलता जुनी दाखल नोंदवही उघडून बाजूला ठेवली, सरांच्या हातची. तीच ध ची गाठ. फक्त नोंदवहीत रेघ सरळ होती.

उरलेल्या दोन पुस्तकांचं कोडं मामांनी सोडवलं, खरंतर सोडवलं नसतं तर बरं झालं असतं. त्या दोन्हींत पेन्सिल जुनी आणि पुसट. डेट स्लिपवर शेवटचा शिक्का 2016 चा, त्यानंतर कुणी नेलेलीच नाहीत. सर रिटायर झाले 2017 ला. म्हणजे हे लिहिणं घरी बसून सुरू झालेलं नाही. मी सरांच्या हाताखाली 2009 पासून क्लार्क होते, त्यांच्या शेवटच्या वर्षात ते सारखे चिठ्ठ्या लिहायचे, कपाटाला चिठ्ठी, ड्रॉवरला चिठ्ठी, टेबलाच्या काचेखाली चिठ्ठ्याच चिठ्ठ्या, आणि आम्ही हसायचो, म्हणायचो सरांना शिस्तीचं वेड आहे.

संध्याकाळी मी आणि सिस्टर त्यांच्या घरी गेलो. सिस्टरनी डब्यात चुरमुऱ्यांचा सुशीला घेतला होता, रिकाम्या हातानं कशाला जायचं म्हणून. सर ओसरीत बाजेवर बसलेले, इस्त्रीचा शर्ट. मला बघून उठून उभे राहिले आणि विचारलं, "अनुदान आलं का?" म्हणलं नाही सर, अजून नाही. बसलो, सुशीला झाला, चहा झाला. परत विचारलं, "अनुदान आलं का?" तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा मी म्हणाले आलं सर. चेहऱ्यावर असं समाधान की बस. खोटं बोलल्याचं मला काही वाटलं नाही, वाटायला पाहिजे होतं का माहीत नाही.

सुनेनं आतल्या खोलीत सांगितलं. तेच पुस्तक परत आलं की निम्म्यात गेल्यावर त्यांना संशय येतो, हे वाचलंय का, आणि मग रात्रभर झोपत नाहीत, फेऱ्या मारतात. म्हणून आता पुस्तक हातात घेतलं की आधी 17 उघडतात. लिहिलेलं असेल तर बंद करून बाजूला ठेवतात. मी म्हणलं मग नुसती खूण करायची की, नाव कशाला. ते सर ओसरीतून ऐकत होते, तिथूनच म्हणाले, अगदी जुन्या आवाजात, तपासणीला आलेल्या साहेबाला उत्तर द्यायचे तसं, "खूण कोण पण करील. खुन्याचं नाव शेवटपर्यंत वाचलेलाच लिहील. नोंदीला पुरावा लागतो."

सिस्टर येताना रस्त्यात काही बोलल्या नाहीत. फक्त गोळ्या कुठल्या चालू आहेत ते त्यांनी बघून घेतलं होतं एवढं मला कळलं.

दुसऱ्या दिवशी मी अभ्यासिकेतल्या त्या पोराच्या रूमवर गेले. पत्र्याची खोली, तिघं मिळून राहतात, कुकरची शिट्टी व्हायलेली. चारचौघात बोलले होते म्हणून त्या दोघांसमोरच माफी मागितली. ते म्हणालं, जाऊ द्या मॅडम, पण पुढच्या वेळी आधी पुरावा बघा. हे त्यानं हसून म्हणलं की लागलेलं होतं म्हणून म्हणलं ते मला अजून ठरवता आलं नाही. सोमवारी आलं परत, जागा मी धरून ठेवली होती.

सरांसाठी आता एक वेगळी वही केलीय, पुस्तकाचं नाव, खुनी, तारीख, सही. आप्पांनी रकाने पाडून दिले. सून वही घेऊन येते, मी त्यात बघून न वाचलेलं पुस्तक देते. बऱ्यापैकी चाललंय. पण सवय सवय असते, सर वहीत लिहितात आणि 17 वर पण लिहितात. मी परत आलेलं पुस्तक वाचकाला द्यायच्या आधी खोडते.

फक्त एक खोडलेलं नाही. मधे त्यांना देण्यासारखी रहस्यकथाच उरली नव्हती म्हणून मी माझी ती इंग्रजी कादंबरी पाठवली, सरांचं इंग्रजी पहिल्यापासून चांगलं. माझं स्वतःचं पुस्तक, त्याला ना शिक्का ना दाखल क्रमांक, तरी परत आलं तर 17 वर, जिथं शिक्का असायला पाहिजे त्याच्या बरोब्बर खाली, खुन्याचं नाव. चुकीचं. तो माणूस खुनी नाहीच, तो तर मधेच मरतो. मी रबर हातात घेतला होता तेवढ्यात मामांनी पुस्तक ओढलं, बघू कुठपर्यंत आलोय म्हणून, आणि वाचलं. नाव इंग्रजी असलं तरी लिहिलेलं मराठीत. मग काय, पाच मिनिटात आप्पांना कळलं, सिस्टरना कळलं, तिघांची तोंडं उतरली, सगळी मजा गेली म्हणाले.

तरी दर गुरुवारी येतात. मी पुढचा भाग सांगते आणि तिघं एकमेकांकडं बघून माना हलवतात, त्या बिचाऱ्यानं दार उघडलं तरी मामा म्हणतात, बघा बघा, कसा साळसूद. अजून सात-आठ गुरुवार जातील. मामांकडं साधा फोन आहे, ते हे वाचणार नाहीत. बाकी दोघांना कुणी सांगू नका.