दुसरा टेक वेगळाच: लघुपट कुठवर आला

माझ्या लघुपटातले, मालवणजवळच्या देवबागच्या किनाऱ्यावरचे बहुतेक प्रसंग टिपून झाले. नव्यानं वाचणाऱ्यांसाठी थोडक्यात सांगतो. मी मूळचा पखवाजवाला. भजनातून दशावताराच्या, म्हणजे कोकणातल्या लोकनाट्याच्या, कंपनीच्या साथीला गेलो, तिथून एकांकिकांचं पार्श्वसंगीत, मग राज्य नाट्य स्पर्धेच्या एका नाटकात ऐनवेळी नट कमी पडला म्हणून तोंडाला रंग लागला. (वादकाला भूमिका मिळायची तर कोणाला तरी ताप यावाच लागतो.) कॅमेरा हातात आला तो त्याच्याही नंतर. लघुपट आहे उतारवयातल्या एका स्त्रीपार्टीवर, म्हणजे बाईची भूमिका करणाऱ्या पुरुष नटावर. रात्री जत्रेत द्रौपदी, सकाळी रापण, म्हणजे मासेमारीचं मोठं जाळं, ओढायला किनाऱ्यावर.

मुख्य भूमिकेत नाना. उभी हयात दशावतारात गेली, कॅमेऱ्यासमोर पहिल्यांदाच. दशावताराला लिहिलेली संहिता नसते हे तुम्हाला ठाऊक असेलच. आख्यान ठरतं, भूमिका वाटल्या जातात आणि संवाद ज्याचे त्यानं उभ्या उभ्या रचायचे. म्हणजे दुसरा टेक हा पहिल्याचा नसतोच मुळी. जवळून तेच वाक्य हवंय म्हटलं तर नाना म्हणाले, "झिला, मगाशी काय बोललंय ता माका आठवणा नाय. ह्या आयक, ह्या बरा आसा." आणि खरंच ते जास्त चांगलं होतं. फक्त आधीच्या शॉटला जोडता येईना.

त्यावर नानांना पाठांतर करायला लावणं मला पटत नाही. पाठ केलेलं वाक्य त्यांच्या तोंडात कोरडं पडतं. म्हणून आता प्रसंग सलग चालू द्यायचा आणि दोन कॅमेरे लावायचे: एक माझा, एक मित्राचा मोबाईल, दोन्ही सेकंदाला 25 फ्रेमवर. रंग जुळवताना घाम फुटतो, पण अभिनय अख्खा मिळतो.

दुसरी गंमत थापेची. दशावतारात भाषण संपलं की पखवाजाची थाप पडते, तोच नटाचा पूर्णविराम. शूटिंगला पखवाज वाजवला तर तो संवादावर चढतो, म्हणून वाजवत नव्हतो. तर नाना थांबेचनात! द्रौपदीचा विलाप संपून पुन्हा सुरू झाला. मग मी कॅमेऱ्याच्या बाजूला मांडी घालून बसलो आणि वाक्य संपताना हवेतच हात मारला, आवाज न करता. नाना तिथल्या तिथे थांबले, मान वळवली, पदर सावरला. आता सगळं शूटिंग या मुक्या थापेवर चाललंय. खरी थाप मागाहून घरी रेकॉर्ड करून बसवतोय.

भरतीचं वेळापत्रक जुन्या हिशेबानं काढतो: तिथीची पाऊणपट. पुनवेला पंधराचे पाऊण म्हणजे सव्वाअकरा, त्या सुमारास भरती. पुढे सहाएक तासांनी, म्हणजे साडेपाचच्या आसपास ओहोटी. मावळतीचा उजेड आणि मोकळी ओली वाळू एकत्र हवी असेल तर पुनव किंवा अवस धरायची. त्या दिवसांत उधाण असतं, त्यामुळे ओहोटीलाही पाणी लांब जातं. उरलेले शॉट पुढच्या पक्षात त्याच तिथीला घेतले की पाणी जवळपास तिथंच सापडतं. सूर्यास्त तेवढा थोडा सरकतो.

संकलनात पखवाज अंगाशी येतो आणि कामालाही येतो. माझा हात आपोआप समेवर, म्हणजे तालाच्या पहिल्या मात्रेवर, कट मारतो. रापणीचा प्रसंग भजनी ठेक्यावर, आठ मात्रांवर बसवला. तालाच्या तिसऱ्या फेरीत बघणाऱ्याला कट आधीच कळायला लागला. आता दोर ओढतानाचे कट समेच्या जरा अलीकडे टाकतो, सम दोराच्या हिसक्यालाच सोडतो. नुसत्या बोटांनी मोजून पाहा, फरक लगेच जाणवेल.

आवाजाचं म्हणाल तर वाऱ्यासाठी माइकवर केसाळ टोपी हवीच, स्पंजनं इथं भागत नाही. पखवाजाची पुडी, म्हणजे तोंडावरचं कातडं, दमट हवेत सैल पडते ते सवयीचं, पण त्याच हवेनं लेन्सला बुरशी धरते. हवाबंद डबा आणि सिलिका जेल, यात चालढकल करू नका.

आता उरलाय जत्रेच्या रात्रीचा प्रसंग. घरगुती विजेवर 50 हर्ट्झ धरून शटर 1/50 सेकंद ठेवला की बहुतेक दिवे लुकलुकत नाहीत. देवळासमोर मात्र जनरेटर असतो आणि त्याची गती खालीवर होते, त्यामुळे चित्रावर आडवे पट्टे सरकतात. शिवाय त्याची घरघर नानांच्या आवाजाच्या खालीच बसते. बॅटरीवरचे दिवे नेऊन पाहणार आहे, पण जत्रेचा पिवळा उजेड त्यांत येईल असं वाटत नाही. तुमच्यापैकी कोणी रात्रीचा दशावतार टिपला असेल तर दिवे कोणते वापरले आणि जनरेटर किती लांब ठेवला तेवढं सांगा.