शेवटचा घोट

काल दुपारी पेरूचा रस गाळून पेल्यात ओतला, वर चिमूटभर तिखट भुरभुरले आणि पेला हातात घेऊन तसाच उभा राहिलो. पेरूच्या रसात तिखट घालतात हे मला पहिल्यांदा कळले ते मुंबईच्या जहांगीर कलादालनातल्या समोवार या उपाहारगृहात. मी तेव्हा दहा वर्षांचा असेन. मामाने चित्रे दाखवायला नेले होते. ती मी भराभर उरकली, कारण भज्यांचा वास येत होता.

कलादालन १९५२ सालचे, समोवार १९६४चे. उषा खन्ना यांनी ते सुरू केले आणि रशियन लोक चहासाठी ज्यात पाणी उकळत ठेवतात त्या भांड्याचे नाव त्याला दिले. आगगाडीच्या डब्यासारखी लांबट, अरुंद जागा होती. बाहेर हिरवळ, ताटलीत पराठा नाहीतर बोटी रोल, आणि शेजारच्या टेबलावर कोणाच्या तरी रंगांवरून चाललेला वाद. हुसेन तिथे येत असत हे मोठेपणी वाचले. त्या वयात मला दाढीवाला प्रत्येक माणूस चित्रकारच वाटे.

रस संपत आला तेव्हा मामा हळूच म्हणाला, "शेवटचा घोट ठेव. पेला रिकामा दिसला की उचलतात, मग बसायला तोंड राहत नाही." हा धडा बहुधा त्याने इराण्याकडे घेतला असावा, कारण समोवारमध्ये तासन् तास बसलेल्यांनाही कोणी उठवत नसे. माझी खोड मात्र तेव्हापासूनची आहे. जवळच्याच वेसाइड इनमध्ये अरुण कोलटकर खिडकीपाशी बसून समोरचे वाहतूक-बेट वर्षानुवर्षे न्याहाळत असत, आणि त्यातून २००४ साली इंग्रजी कवितांचे एक पुस्तक निघाले. त्यांनी कपात किती चहा शिल्लक ठेवला असेल, याचा हिशेब कोणी तरी ठेवायला हवा होता.

कलादालनाला जागा परत हवी होती. कोर्टकज्जे झाले आणि मार्च २०१५अखेर समोवार बंद झाले. शेवटच्या दिवसांत मी मुद्दामच गेलो नाही. गर्दीत खुर्ची मिळाली नसती, आणि समोवारमध्ये उभ्याने करायचे तरी काय?

कालही सवयीने पेल्यात एक घोट ठेवला होता. घरात तो उचलायला कोणी येणार नव्हते, तेव्हा संध्याकाळी मीच पिऊन टाकला. पेरू जरा तुरट निघाला.